मावशीला विचारा : अल्टिअरचं एक मिनिट

प्रश्न : मावशी, मी अकरावीत आहो. 'फेअरी टेल' या जपानी चित्रकथा-मालिकेतली जादूगारीण अल्टिअर माह्या मनातून जाऊनच नाई राहिली. तिनं काळाची जादू करून आपलं सारं आयुष्य देऊन टाकलं, अन् काळ मागं गेला फक्त एक मिनिट! मंग एवढं कायले केलं तिनं? कापूस वेचता वेचता आजीले सांगतलं, तं आजी म्हणे, हे तं ययाती-पुरूसारखंच झालं. खरं हाय का?
— एक वाचक, ता. दारव्हा, जि. यवतमाळ

उत्तर : पोरी, आधी आजीला माझा नमस्कार सांग. भर वावरात जपानी चित्रकथेतला पुरू ओळखला त्यांनी! पण मला या दोन गोष्टींत एक मोठा फरक दिसतो. तो कळायला अल्टिअरचं लहानपण बघावं लागेल.

तिच्या अंगात जादूची शक्ती मावत नव्हती, सारखा ताप यायचा. आई, म्हणजे ऊर, तिला जादूच्या संशोधन संस्थेत घेऊन गेली. तिथल्या लोकांनी 'मुलगी गेली' म्हणून आईला परत पाठवलं आणि पोरीवर प्रयोग केले. ती कशीबशी निसटून घरी आली, तर आई ग्रे आणि लिऑन या दोन शिष्यांसोबत आनंदात दिसली. पोर तशीच मागे फिरली. एकदा 'आई' म्हणून हाक मारली असती तर! हा प्रसंग मला अजूनही बघवत नाही.

पुढे ती काळ्या गिल्डमधल्या, म्हणजे जादूगारांच्या बेकायदा संघातल्या, सात जणांची म्होरकी झाली. जादूगारांच्या परिषदेत शिरली, जेलाल नावाच्या जादूगाराला ताब्यात घेऊन त्याच्याकडून नको ते करवून घेतलं. मेरेडी नावाच्या लहान मुलीचं गावच उद्ध्वस्त केलं आणि त्याच मेरेडीला स्वतः वाढवलं. हे सगळं कशासाठी? आपलं हरवलेलं बालपण परत मिळावं म्हणून. आणि त्याची किंमत दुसऱ्यांनी मोजायची. तिच्यावर अन्याय झाला होता हे खरं, पण म्हणून मी तिला इथे माफ करत नाही.

ग्रेशी लढताना ती समुद्रात पडली. ऊरनं राक्षसाला कोंडायला स्वतःच्या देहाचं बर्फ केलं होतं, ते वितळून याच समुद्राला मिळालेलं. त्या पाण्यातून आईच्या आठवणी तिच्यापर्यंत पोचल्या. आई आपल्याला विसरली नव्हती, हे तिला तेव्हा कळलं. त्यानंतर जेलालला तुरुंगातून सोडवून, मेरेडीला सोबत घेऊन तिनं नवा गिल्ड उभारला. काळ्या गिल्डांना संपवायचं आणि केलेल्या पापांची फेड करायची, एवढंच त्या तिघांचं काम. ज्यांचं तिनं सर्वात जास्त वाईट केलं, तेच दोघं तिचे सोबती झाले. माझ्या लेखी ती खरी म्होरकी झाली ती इथे.

आता तुझं एक मिनिट. ड्रॅगन शहरात घुसले तेव्हा 'लास्ट एजेस' ही जादू करून तिनं स्वतःच्या आयुष्याचा काळ वाहिला. एकच मिनिट मागे गेलं हे पाहून तिला वाटलं, सगळं वाया गेलं. पण त्या मिनिटात पुढं काय होणार ते लोकांना आधीच दिसलं, आणि जे मरणार होते ते बाजूला झाले. ग्रेसुद्धा वाचला. पावसाळ्यात वावरात असताना 'दामिनी' ॲपवर विजेचा इशारा येतो आणि माणसं झाडाखालून निघतात. अशा वेळी एक मिनिट थोडं असतं का, तूच सांग.

आजीच्या पुरूनं बापाला तारुण्य दिलं. हजार वर्षांनी ते त्याला परत मिळालं, वर राज्यही मिळालं. अल्टिअरला काहीच परत मिळालं नाही. म्हातारी होऊन एकटी निघून गेली. आणि पुरूनं दिलं ते बापाच्या सुखासाठी, हिनं दिलं ते परक्यांच्या जिवासाठी. मला विचारशील तर अल्टिअरचं देणं मोठं. आजींना हे पटलं नाही तर त्यांचं म्हणणं मला जरूर लिहून पाठव, मी ते इथे छापीन.

प्रश्न : २०१७ साली गुलाबी बोंडअळीनं आमचा कापूस खाल्ला. अल्टिअरची जादू पिकावर चालली असती का हो?
— एक शेतकरी, जि. वर्धा

उत्तर : दादा, तिची नेहमीची काळाची जादू माणसांवर चालत नसे, पण एका बेटावरचा तोडलेला महावृक्ष तिनं पुन्हा उभा केला होता. म्हणजे पऱ्हाटीवर, कपाशीच्या झाडावर, चालली असती असं मला वाटतं. आपल्या हाती मात्र फरदड (हंगाम संपल्यावरही कपाशी उभी ठेवून घेतलेलं पीक) न घेणं, पतंगांना वासानं ओढून पकडणारे कामगंध सापळे लावणं आणि डोमकळ्या (अळी शिरल्यानं न उमललेली फुलं) तोडून नष्ट करणं एवढंच आहे. ते यंदा चुकवू नका.

प्रश्न : माझा मुलगा नऊ वर्षांचा आहे. त्याला ही मालिका दाखवू का?
— एक आई, आर्वी

उत्तर : मारामारी पुष्कळ आहे आणि काही दृश्यं त्याच्या वयाची नाहीत. अजून तीन-चार वर्षं थांबा, ताई. दाखवाल तेव्हा शेजारी बसा आणि गालुना बेटाचा भाग गाळू नका. ऊरची गोष्ट तिथे आहे. ती माहीत नसेल तर अल्टिअर त्याला नुसती दुष्ट बाई वाटेल.