कामकाजाचे पंधरा दिवस नेमके कधी संपतात?

या महिन्याच्या टपालात मुदतीचे प्रश्न बरेच आले. त्यातले पाच निवडले आहेत. तारखा मुद्दाम गेल्या दिवाळीच्या, म्हणजे २०२५ च्या घेतल्या आहेत. जुनं कॅलेंडर अजून भिंतीवर असेल तर समोर ठेवून ताडून पाहता येईल.

प्रश्न : आमचा जळगावला पाइपचा लहान कारखाना आहे. १ ऑक्टोबर २०२५ ला राज्य सरकारच्या एका कार्यालयाचा पुरवठा आदेश हाती आला. ‘आदेश मिळाल्यापासून कामकाजाच्या १५ दिवसांत माल पोचवावा, त्यानंतर दररोज दंड’ अशी अट होती. मुनीम म्हणाले, १६ ऑक्टोबर. बँकेचं काम पाहणारा मुलगा म्हणाला, २३. कार्यालयातले लिपिक २८ सांगत होते. यात खरं कोण?

उत्तर : बेरीज तिघांचीही बरोबर आहे, फक्त प्रत्येकाने वेगळं कॅलेंडर धरलं. मुनीमजींनी सरळ दिवस मोजले. मुलाने बँकेचे दिवस धरले आणि लिपिकांनी राज्य शासनाचे.

आधी पहिल्या दिवसाचं पाहू. ‘मिळाल्यापासून’ असं लिहिलेलं असलं की आदेश मिळाल्याचा दिवस मोजत नाहीत. कायद्यातल्या मुदतींना हा नियम जनरल क्लॉजेस ॲक्ट, १८९७ च्या कलम ९ ने लावला आहे आणि व्यवहारातही तोच चालतो. म्हणून मोजणी २ ऑक्टोबरपासून सुरू करायची.

राज्य शासनाच्या कार्यालयांना २९ फेब्रुवारी २०२० पासून पाच दिवसांचा आठवडा आहे, म्हणजे सगळे शनिवार-रविवार बंद. २ ते २८ ऑक्टोबर हे २७ दिवस झाले. त्यातून ४, ५, ११, १२, १८, १९, २५ आणि २६ हे आठ शनिवार-रविवार वजा करा. मग सुट्ट्या : २ तारीख, २१ ला लक्ष्मीपूजन, २२ ला बलिप्रतिपदा आणि २३ ला भाऊबीज. या चार गेल्या की बरोबर १५ उरतात. २ ऑक्टोबरला त्या वर्षी गांधी जयंती आणि दसरा एकत्र आले होते. यादीत दोन सण दिसले तरी दिवस एकच वजा होतो. हाताने मोजणारे इथेच एका दिवसाने चुकतात.

बँकेचं गणित निराळं आहे. १ सप्टेंबर २०१५ पासून बँकांना फक्त दुसरा आणि चौथा शनिवार सुट्टी असते. पहिला, तिसरा आणि असलाच तर पाचवा शनिवार पूर्ण कामाचा. भाऊबीजेची सुट्टी शासनाने कार्यालयांना जादा म्हणून दिलेली, ती बँकांना लागू नव्हती. म्हणून २ ते २३ या २२ दिवसांतून तीन रविवार, ११ तारखेचा दुसरा शनिवार आणि २, २१, २२ या तीन सुट्ट्या गेल्या, की तिथेही १५ च उरतात.

तुमच्या बाबतीत २८ ऑक्टोबर धरणं रास्त. माल उतरवून घेणारं भांडार त्या कार्यालयाचं आहे आणि ते बंद असताना ट्रक दारात उभा करून उपयोग नाही. मात्र निविदेच्या अटींत ‘कामकाजाचा दिवस’ याची व्याख्या दिलेली असेल तर तीच शेवटची, आमचं मत तिथे चालणार नाही. व्याख्या नसेल तर आदेश हाती पडला त्याच आठवड्यात ‘आमच्या हिशेबाने अंतिम तारीख अमुक, फरक असल्यास कळवावे’ असं दोन ओळींचं पत्र द्या आणि पोच घ्या. दंडाचा वाद निघाला की लिपिकाने तोंडी सांगितलेली तारीख कोणी विचारात घेत नाही.

प्रश्न : धुळ्यात एका संस्थेच्या कार्यालयात मी अशी मुदतींची नोंद एक्सेलमध्ये ठेवतो. दोन तारखांमधले कामाचे दिवस काढणारं सूत्र कधी एक दिवस जास्त देतं, कधी चूक दाखवतं. दुसरा-चौथा शनिवार तर त्यात बसतच नाही.

उत्तर : सूत्रांची नावं इथे देवनागरीत छापली आहेत, शीटमध्ये ती इंग्रजी अक्षरांत आणि इंग्रजी आकड्यांनी टाइप करायची. गुगल शीट्स आणि लिबरऑफिसमध्येही हीच नावं चालतात.

एक दिवस जास्त येतो कारण ‘नेटवर्कडेज’ सुरुवातीचा आणि शेवटचा असे दोन्ही दिवस मोजतं. वरच्या उदाहरणात १ ते २८ ऑक्टोबर दिलेत तर उत्तर १६ येईल. १ तारीख कामाची होती म्हणून ती मोजली गेली. पण सुरुवातीचा दिवस रविवार असेल तर तो मुळातच मोजला जात नाही. अशा वेळी डोळे मिटून एक वजा केलात तर एक दिवस कमी भरेल. त्यापेक्षा सुरुवातीची तारीख ए२ मध्ये, शेवटची बी२ मध्ये लिहा आणि सुरुवातीच्या तारखेत १ मिळवा : =नेटवर्कडेज(ए२+१, बी२, सुट्ट्या). आणि अंतिम तारीखच हवी असेल तर ‘वर्कडे’ वापरा : =वर्कडे(ए२, १५, सुट्ट्या). हे सूत्र पहिला दिवस आपोआप वगळतं आणि २८ ऑक्टोबर देतं.

‘सुट्ट्या’ म्हणजे वेगळ्या पानावर एकाखाली एक लिहिलेल्या तारखा. त्या पट्ट्याला नाव द्या, नाहीतर पत्त्यात डॉलरची चिन्हं टाका. ती नसली तर सूत्र खाली ओढताना पट्टाही खाली सरकतो आणि वरच्या सुट्ट्या निसटतात. उत्तर तरीही दिसतं, चुकीचं असतं एवढंच.

शनिवारांसाठी ‘नेटवर्कडेज.आयएनटीएल’ घ्या. त्यात तिसऱ्या जागी साप्ताहिक सुट्टीचा संकेत द्यायचा असतो. १ म्हणजे शनिवार-रविवार, ११ म्हणजे फक्त रविवार, १६ म्हणजे फक्त शुक्रवार. शुक्रवारी बंद असणाऱ्या कारखान्यासाठी शेवटचा उपयोगी. संकेताऐवजी अवतरणचिन्हांत सात आकडेही देता येतात. सोमवारपासून सुरुवात, ० म्हणजे काम, १ म्हणजे सुट्टी. बुधवारी बंद असणारं दुकान असेल तर "००१००००".

बँकेच्या शनिवारांना तयार संकेत नाही. संकेत ११ द्या आणि वर्षातले सगळे दुसरे-चौथे शनिवार सुट्ट्यांच्या यादीत घाला. दुसरा शनिवार नेहमी ८ ते १४ तारखेत पडतो आणि चौथा २२ ते २८ मध्ये, त्यामुळे यादी नजरेनेही तपासता येते. सूत्राने काढायचे तर महिन्याची पहिली तारीख सी२ मध्ये लिहा. दुसरा शनिवार : =सी२+१४-वीकडे(सी२). चौथा : =सी२+२८-वीकडे(सी२).

चूक दाखवण्याचं कारण बहुतेक वेळा तारीखच असतं. ०५.०८.२०२५ असं टिंब देऊन लिहिलं की अनेक संगणकांवर ती तारीख न राहता नुसता मजकूर होतो. संगणक अमेरिकी पद्धतीवर असेल तर ०५/०८ म्हणजे ८ मे, आणि १३/०८ त्याला कळतच नाही. ओळख सोपी आहे : खरी तारीख आपोआप उजवीकडे सरकते, मजकूर डावीकडे राहतो. यातली ८ मेची चूक जास्त धोक्याची, कारण ती चूक म्हणून दिसत नाही.

वर्षाच्या सुट्ट्यांचा आकडा एकरकमी वजा करू नका. २०२५ मध्ये प्रजासत्ताक दिन, गुढीपाडवा, रामनवमी आणि मोहरम हे चारही रविवारी होते. ते रविवारांबरोबर आधीच गेलेले. सूत्र हे सांभाळतं, हाताने मोजताना मात्र दोनदा वजा होतात. आणि यादी ३१ डिसेंबरला संपलेली असेल तर जानेवारीतल्या सुट्ट्या सूत्राला माहीत नसतात. ते तक्रार न करता मोजत राहतं. नव्या वर्षाची अधिसूचना आली की यादी वाढवायची. मधेच जाहीर होणाऱ्या सुट्ट्याही घालत जा. २० नोव्हेंबर २०२४ ला विधानसभेच्या मतदानाची सुट्टी होती, ती वर्षारंभीच्या यादीत कुठून असणार?

प्रश्न : नंदुरबारला मिरचीचा व्यापार आहे. देणंघेणं सुरतशीही चालतं. आखाजी (अक्षय्य तृतीया), पोळा, श्रावणातल्या कानबाईचा सोमवार या दिवशी इथे हमालसुद्धा मिळत नाही. हे दिवस सुट्टीत धरायचे का?

उत्तर : आखाजी आणि पोळा राज्याच्या सार्वजनिक सुट्ट्यांच्या यादीत नाहीत. कॅलेंडरवर तारीख तांबडी असली तरी नाहीत. जिल्हाधिकारी दरवर्षी जिल्ह्यापुरत्या स्थानिक सुट्ट्या जाहीर करतात. त्या आदेशात सण असेल तर जिल्ह्यातल्या शासकीय कार्यालयांपुरता तो दिवस वजा करा. बँकेची यादी वेगळी पाहायची. कानबाईचं विसर्जन सोमवारी असतं आणि सगळी आळी रोटांच्या पंगतीत असते, हे खरं. पण लेखी करारात त्याला जागा करून दिली नसेल तर तो कामाचाच दिवस. होळीआधीच्या भोंगऱ्या बाजाराच्या आठवड्याचंही तसंच. करार करतानाच ‘अमुक दिवस वगळून’ असं लिहून घ्या.

मुंबईची यादी जशीच्या तशी उतरवू नका. २०२५ मध्ये ईद-ए-मिलादची सुट्टी मुंबई शहर आणि उपनगरात ८ सप्टेंबरला नेली होती, खान्देशासह बाकी राज्यात ती ५ सप्टेंबरलाच राहिली.

बँकेच्या सुट्ट्या राज्यागणिक बदलतात. नवापूर स्टेशनाचा फलाट अर्धा महाराष्ट्रात, अर्धा गुजरातेत, तरी १९ फेब्रुवारीच्या शिवजयंतीला अलीकडची बँक बंद आणि पलीकडची चालू. १४ जानेवारीला उत्तरायणासाठी नेमकं उलट. पैसे नुसते पाठवायचे असतील तर एनईएफटी डिसेंबर २०१९ पासून आणि आरटीजीएस डिसेंबर २०२० पासून चोवीस तास, बाराही महिने चालतं. सुट्टीचा हिशेब मुख्यतः चेकसाठी आणि शाखेतल्या कामासाठी उरला.

प्रश्न : अमळनेरहून लिहितो. २२ सप्टेंबर २०२५ ला बँकेकडून चेक परत आल्याचा मेमो मिळाला. चेक देणाऱ्याला नोटीस पाठवायच्या ३० दिवसांतून दसरा-दिवाळीच्या सुट्ट्या वजा होतात का?

उत्तर : नाही. निगोशिएबल इन्स्ट्रुमेंट्स ॲक्टच्या कलम १३८ मधले दिवस सरळ मोजायचे, सण-रविवार धरून. २३ सप्टेंबर हा पहिला दिवस, म्हणून ३० वा २२ ऑक्टोबरला. तो दिवस नेमका बलिप्रतिपदेचा. सुट्टी म्हणून पुढचा दिवस मिळेल या भरवशावर राहू नका, नोटीस दिवाळीआधीच स्पीड पोस्टाने रवाना झालेली बरी.

पुढची साखळी अशी. समजा समोरच्याला नोटीस १० ऑक्टोबरला मिळाली. तो दिवस सोडून १५ दिवस, म्हणजे २५ ऑक्टोबरपर्यंत पैसे द्यायची त्याला मुभा. २६ ला तक्रारीचा हक्क तयार होतो. तिथून एक महिना, ३० दिवस नव्हे. २६ तारीख वगळून तो २६ नोव्हेंबरला संपतो. पहिला दिवस वगळायचा, हे सर्वोच्च न्यायालयाच्या २०१३ च्या निकालाने पक्कं केलं. शेवटच्या दिवशी न्यायालयच बंद असेल तर उघडेल त्या दिवशी तक्रार दाखल करता येते. उलट १५ दिवस पुरे व्हायच्या आत घाईने केलेली तक्रार टिकत नाही. पोस्टाची पोच जपून ठेवा. सगळी मोजणी त्या तारखेवर उभी आहे.

प्रश्न : हुंडीची मुदत सुट्टीच्या दिवशी संपली तर पैसे पुढच्या दिवशी मागायचे ना? (चाळीसगाव)

उत्तर : इथे उलटं आहे. वचनचिठ्ठी किंवा हुंडी (बिल ऑफ एक्स्चेंज) सार्वजनिक सुट्टीला देय होत असेल, तर निगोशिएबल इन्स्ट्रुमेंट्स ॲक्टच्याच कलम २५ प्रमाणे ते आधीच्या कामाच्या दिवशी देय धरतात. मागणीबरोबर देय नसलेल्या कागदाला सवलतीचे तीन दिवस मिळतात, ते धरून तारीख काढायची आणि मग मागे यायचं. ती तारीख रविवार १२ ऑक्टोबर २०२५ आली असेल तर शनिवार ११ हा दुसरा शनिवार, तोही सुट्टीचा. म्हणून पैसे शुक्रवारी, १० तारखेलाच मागायचे.