थुस्नेल्डाची प्रत आणि चित्राखालची पाटी

तुमचे प्रश्न दोन असले तरी चित्र एकच आहे. कार्ल फॉन पिलोटीच्या 'जर्मेनिकसच्या विजययात्रेतील थुस्नेल्डा'ची 70 × 100 सेंमी कॅनव्हासवर अभ्यास म्हणून प्रत करायची, तीही त्याच्या म्युनिकच्या वर्गातल्या क्रमाने. आणि खाली पाटीवर पात्रांची नावे अर्थासकट लिहायची. थुस्नेल्डा म्हणजे प्राचीन जर्मन सरदार आर्मिनियसची बायको, रोमन सेनापती जर्मेनिकसने कैद केलेली. क्रम सांगतो. पाटीचा मसुदा मात्र जवळजवळ सगळा बदलावा लागेल.

आधी कॅनव्हास. मूळ चित्र 490 × 710 सेंमी आहे. 100 सेंमी रुंदीला उंची 69 येते, 70 नाही. पूर्ण 70 भरायला गेलात तर आकृत्या किंचित लांबट होतील. खालची एक सेंमी पट्टी सोडून द्या.

पिलोटी 1856 पासून म्युनिक अकादमीत ऐतिहासिक चित्रांचा प्राध्यापक होता आणि 1874 पासून 1886 मध्ये मरेपर्यंत संचालक. विद्यार्थी त्याच्याकडे थेट येत नसत. आधी प्राचीन पुतळ्यांच्या प्लास्टरच्या प्रतींवरून रेखाटन, मग जिवंत मॉडेलवरून रेखाटन, मग रंगतंत्राचा वर्ग, आणि सर्वांत शेवटी 'कोम्पोनियरशूले', म्हणजे रचनेचा वर्ग. तिथे विद्यार्थी विषय आणायचा आणि त्याची रचना बांधायचा, पिलोटी ती दुरुस्त करायचा. लेनबाख, माकार्ट, लाइबल, गाब्रिएल माक्स हे चौघे याच हाताखालून गेले आणि चौघांची चित्रे एकमेकांसारखी दिसत नाहीत. शिक्षक म्हणून त्याला मी सर्वांत जास्त गुण इथेच देईन. चित्रकार म्हणून तो मला पुष्कळदा नाटकी वाटतो. 'यंदा कुठला अपघात रंगवताय?' असं चित्रकार मोरित्स फॉन श्विंडने त्याला विचारल्याचा किस्सा जर्मनीत अजून सांगतात.

तुमच्यासाठी क्रम असा. पहिल्यांदा हातभर कागदावर कोळशाने फक्त तीन छटा मांडा: उजेड, मध्यम, अंधार. चेहरे काढू नका. या चित्राचा सगळा डाव छटांवर आहे. बंदिवान थुस्नेल्डा उजेडात ताठ चालते आहे आणि विजेता सम्राट टायबेरियस सावलीत बसला आहे. हे तीन छटांत दिसलं नाही, तर पुढे कितीही रंग चढवलात तरी दिसणार नाही. मग 34.5 × 50 सेंमीचं तैलरंगातलं रंगटिपण करा. त्यानंतर मुख्य आकृत्यांचे स्वतंत्र अभ्यास, आधी उघडं शरीर, मग त्यावर वस्त्र. हा टप्पा लोक हमखास गाळतात. मग थुस्नेल्डाच्या झग्याखाली गुडघा कुठे आहे हेच कळत नाही आणि घडी लोंबकळणाऱ्या पडद्यासारखी दिसते.

कॅनव्हासवर उतरवायला चौकटी आखा: टिपणावर 5 सेंमीच्या, कॅनव्हासवर 10 सेंमीच्या. आडव्या दहा, उभ्या सात. खालची ओळ टिपणावर अर्धा आणि कॅनव्हासवर एक सेंमी आखूड येईल, ती तशीच राहू द्या. दोन्हीकडे कर्णही मारा, म्हणजे तिरक्या हातांची चूक लगेच पकडता येते.

खालचा थर अंबर (तपकिरी मातीचा रंग) आणि टर्पेंटाइनचा, पातळ. अंबरमध्ये मँगनीज असतं, म्हणून तो लवकर सुकतो. दुसऱ्या थरात ट्यूबमधला रंग जवळजवळ आहे तसा. तो हाताला कोरडा लागल्यावरही आठवडाभर थांबा. पारदर्शक लेप शेवटी: स्टँड ऑइल (तापवून घट्ट केलेलं जवसाचं तेल) एक भाग, दमार व्हार्निश (राळेचं) एक भाग, टर्पेंटाइन पाच भाग. खाली कमी तेल, वर जास्त, हा नियम उलटला की वरचा थर आधी आखडतो आणि तडकतो. मध्येच एखादा भाग मलूल पडला तर त्यावर रंग थापू नका. किंचित तेल चोळून लगेच फडक्याने पुसून घ्या, मूळ छटा परत दिसते.

आता तुम्ही लिहिलेला 'जुन्या म्युनिकसारखा' तपकिरी लेप. बिट्युमेन, म्हणजे डांबराचा रंग, घेऊ नका. ते तेलात विरघळतं पण कधीच पुरतं सुकत नाही. वरचा रंग सुकून आकसतो, खालचं सरकत राहतं, आणि सुसरीच्या पाठीसारखी बेटं पडतात. शिवाय सगळंच काळवंडतं. माकार्टच्या कित्येक चित्रांची दुर्दशा यानेच झाली आहे. व्हॅनडाइक ब्राउन घ्यायचा मोह झाला तर ट्यूबवरचा संकेत वाचा: एनबीआर 8 असेल तर ठेवून द्या, तो रंग फिका पडतो आणि फार सावकाश सुकतो. बर्न्ट अंबर (पीबीआर 7) आणि अल्ट्रामरीन (पीबी 29) यांच्या मिश्रणात थोडा पारदर्शक लाल ऑक्साइड (पीआर 101) घातला की तीच उबदार खोली मिळते. व्हार्निश सहा महिने तरी नको.

आता पाटी. मसुद्यात लिहिलंय, 'जर्मेनिकस : भालाईत वीर'. हे जर्मानिक, म्हणजे प्राचीन जर्मन टोळ्यांच्या भाषांमधलं, नावच नाही. जर्मानियातल्या विजयांबद्दल त्याच्या बापाला, द्रूससला, मिळालेली ती लॅटिन पदवी आहे, वारशाने मुलाकडे आलेली. चित्रकाराच्या पूर्ण नावातही असाच सापळा आहे. कार्ल थिओडोर यातल्या थिओडोरचा अर्थ तुम्ही 'लोकांचा राजा' दिलात. तो थिओडोरिकचा अर्थ. थिओडोर ग्रीक आहे, 'देवाची देणगी'. थिओडोरिक (आजचा डीट्रिश) म्हणजे 'थेउड', लोक, अधिक 'रीक', सत्ताधीश. हा 'रीक' केल्टिकमधून उसना आलेला आणि आपल्या 'राजन्'चा लांबचा भाऊ. 'श्रीमंत' म्हणून वाचू नका. कार्ल मात्र अस्सल जर्मानिक आणि एकाच भागाचं: पुरुष, स्वतंत्र माणूस.

बाकीची बहुतेक जुनी नावं दोन भागांची. तोडायची रीत अशी की आजचं रूप बाजूला ठेवून सर्वांत जुनं लिखित रूप शोधायचं, सांधा पाहायचा, दोन्ही भाग वेगवेगळे लिहायचे आणि तिथेच थांबायचं. विल्हेल्म : इच्छा + शिरस्त्राण. 'निश्चयी रक्षक' हे वाक्य आपण जोडलेलं, त्या नावात ते नाही. हिल्डेगुंड या नावात दोन्ही भागांचा अर्थ 'युद्ध'च आहे. युद्ध-युद्ध! मुलीचं नाव ठेवणाऱ्यांनी वाक्य केलेलं नव्हतं, घराण्यातले तुकडे जुळवले होते. जुन्या जर्मन वीरकाव्यात आजा हेरिब्रांड, बाप हिल्डेब्रांड, मुलगा हाडुब्रांड: मागचा तुकडा तोच, पुढचे तिन्ही 'ह'चे. आपल्या वाकाटकांची यादी म्हणून पाहा: प्रवरसेन, रुद्रसेन, दामोदरसेन, नरेंद्रसेन. पद्धत ओळखीची वाटेल. आणि हेरिब्रांडमधल्या 'हेरि'चा अर्थही सैन्यच. नाव बाईचं की पुरुषाचं हे शेवटचा तुकडा ठरवतो: हिल्डेब्रांड पुरुष, ब्रुनहिल्ड बाई.

तुमच्या चित्रात हा खेळ प्रत्यक्ष आहे. थुस्नेल्डाचा बाप सेगेस्टीस, भाऊ सेगिमुंडस. ग्रीक भूगोलकार स्ट्रेबो त्याच मिरवणुकीच्या वर्णनात एका सेगिमेरसचंही नाव देतो. तिन्हींत 'सेगि', विजय, आजच्या जर्मनमधला 'झीग'. संस्कृत 'सहस्' याच धातूचा. सेगिमुंडस : विजय + रक्षण (इथला 'मुंड' म्हणजे तोंड नव्हे, राखणारा हात). सेगिमेरस : विजय + ख्यात. सेगेस्टीसपुढे फक्त 'विजय-' लिहा. बाप मानाच्या जागी उभा राहून आहे, लेक समोरून बंदिवान म्हणून जाते आहे आणि नाव विजयाचं, हे पाटी वाचणाऱ्याला आपोआप दिसेल.

आर्मिनियस चित्रात नाही, पण नवरा म्हणून त्याचं नाव लिहाल. 'हेर्मान, सेनापुरुष' लिहू नका. आर्मिनियस म्हणजेच हेर्मान ही जोड 16व्या शतकातल्या जर्मन विद्वानांची. चित्र पूर्ण झालं 1873 मध्ये आणि डेटमोल्डजवळचा तलवार उगारलेला हेर्मानचा पुतळा 1875 मध्ये; तेव्हा ती जोड पक्की झालेली होती. पाटीवर फक्त 'आर्मिनियस, चेरुस्की सरदार' पुरे (चेरुस्की ही त्याची टोळी). थुस्नेल्डा आणि तिचा मुलगा थुमेलिकस यांच्या नावांचा सर्वमान्य उलगडा झालेला नाही, तेव्हा तिथे अर्थ नको, माहिती द्या: इ.स. 15 मध्ये कैद, 26 मे 17 रोजी रोमच्या मिरवणुकीत. नाव स्ट्रेबोने दिलं. रोमन इतिहासकार टॅसिटसने तिचं न रडणं नोंदवलं, नाव नाही. आजच्या बोली जर्मनमध्ये 'टुसी' ही नटव्या मुलीला दिलेली हेटाळणी याच नावाची उतरंड आहे. हे पाटीवर नको, पण कुणी जर्मन पाहुणा गालात हसला तर कारण माहीत असावं.

पिलोटीच्या शिष्यांची नावंही द्यायची म्हणता, तर तिथे सावध राहा. फ्रान्स (लेनबाख) लॅटिन फ्रान्सिस्कुसवरून, हान्स (माकार्ट) आणि गाब्रिएल (माक्स) हिब्रूतून. जर्मानिक अर्थ लावण्याजोगा सापडतो तो विल्हेल्म लाइबल, आणि अमेरिकेतून आलेला विल्यम चेस. दोघांचं नाव एकच: इच्छा + शिरस्त्राण.