साखर आणि रंग न घालता मुलांसाठी घरी गारेगार कसं करायचं?

आम्ही सांगलीचे, त्यामुळे आमच्याकडे सुरुवात द्राक्षांपासूनच. तासगावची बिनबियांची द्राक्षं धुवा, पूर्ण कोरडी करा, उभी चिरा आणि ताटात सुटी पसरून रात्रभर फ्रीजरमध्ये ठेवा. बस, झालं. लहान मुलांना अख्खं द्राक्ष मात्र कधीच देऊ नका, घशात अडकतं. चिरलेलंही थोडं मऊ झाल्यावरच द्या.

कांडीवर हवं असेल तर अर्धा किलो ताजं दही फडक्यात तीन-चार तास टांगा. त्या चक्क्यात दोन चांगली पिकलेली केळी आणि वाटीभर महाबळेश्वरची स्ट्रॉबेरी फिरवा, साच्यात ओता. साचा नसेल तर स्टीलचे छोटे पेलेही चालतात. स्ट्रॉबेरी संपली की हापूस घाला.

नुसता फळांचा रस गोठवला की दगडासारखा बर्फ होतो, कारण पाणी जास्त आणि गोडवा कमी. केळं आणि चक्का त्याला मऊपणा देतात, म्हणून ते वगळू नका. गोठलेल्या पदार्थाची गोडी कमी लागते, तेव्हा मिश्रण चाखताना जरा जास्त गोड लागायला हवं. कमी वाटलं तर भिजवलेल्या चार-पाच बेदाण्यांची पेस्ट घाला. काढताना साचा दहा सेकंद साध्या पाण्यात धरा, अलगद सुटतं.