दह्याचं ड्रेसिंग घातलेलं सोपं ग्रीक फ्रूट सॅलड कसं करावं? माझं दरवेळी पाणचट होतं.

पाणचट होण्याचं कारण बहुतेक दहीच असणार. ग्रीक दही म्हणजे पाणी गाळून घट्ट केलेलं दही. ते नसेल तर साधं 500 ग्रॅम दही स्वच्छ फडक्यात बांधून 2-3 तास टांगून ठेवा. चमचा उलटा केला तरी दही पडायला नको, इतकं घट्ट हवं.

त्यातलं 1 कप दही, 2 चमचे मध, 1 चमचा लिंबाचा रस, संत्र्याची थोडी किसलेली साल आणि चिमूटभर दालचिनी हलक्या हाताने एकत्र करा. जोरात फेटलं तर ते पुन्हा सैल पडतं. ग्रीसमध्ये थाइम या सुगंधी वनस्पतीच्या फुलांचा मध फार आवडीने खातात. मिळाला तर तोच घ्या, त्याचा रानटी वास दह्यात अप्रतिम उतरतो.

फळं तिथल्यासारखी घ्या: अंजीर, द्राक्षं, संत्रं, नाशपाती, वर डाळिंबाचे दाणे. धुतल्यावर अगदी कोरडी पुसा. संत्र्याच्या फोडी सोलून चाळणीत निथळू द्या, सगळ्यात जास्त पाणी त्यांचंच सुटतं. किवी ग्रीसमध्ये भरपूर पिकतं, पण कच्चं किवी दह्यात थोडा वेळ राहिलं की कडवट लागतं. घालायचंच असेल तर ताटलीत वाढताना वरून.

फळं आणि ड्रेसिंग वेगवेगळं गार करा आणि खायच्या वेळीच एकत्र करा. अक्रोड कोरडेच, मंद आचेवर खमंग वास सुटेपर्यंत भाजा, हाताने मोडून अगदी शेवटी पेरा. आधी घातले तर मऊ पडतात आणि सगळी मजा जाते.