परवाना दिला, पण जागा कुणी पाहिली?

धोकादायक धंद्यांच्या परवान्यांवरून औरंगाबाद खंडपीठात जावं का, असं विचारणाऱ्या पत्रांपैकी चारांना आज उत्तरं देतो.

घराच्या भिंतीला लागून थिनरचं गोदाम आहे. महापालिकेत तीनदा सांगून झालं. सरळ हायकोर्टात जाऊ का? (लातूर)

तोंडी सांगितलेलं कोर्टापुढे ठेवता येत नाही. आधी लेखी अर्ज द्या, आपल्या प्रतीवर आवक शिक्का घ्या. मग माहिती अधिकारात तीन कागद मागा: परवाना, अग्निशमनचा ना-हरकत दाखला आणि जागेच्या पाहणीचा अहवाल. महानगरपालिका अधिनियमाचं कलम 376 अशा साठ्यांसाठीच आहे. तिसरा कागद फायलीत नसेल, तर तोच तुमच्या याचिकेचा कणा.

पण त्याहून जवळची वाट उपविभागीय दंडाधिकाऱ्यांकडे आहे. पूर्वीचं फौजदारी संहितेचं कलम 133, आता नागरिक सुरक्षा संहितेचं 152. वस्तीला घातक धंदा बंद करण्याचा किंवा हलवण्याचा आदेश ते देऊ शकतात. गल्लीतल्या घरांच्या सह्या मात्र घ्या. इथे एकट्याचा नाही, वस्तीचा त्रास पाहतात. रतलामच्या रहिवाशांनी उघड्या गटारांसाठी हेच कलम वापरलं होतं. पैसे नाहीत ही नगरपालिकेची सबब सुप्रीम कोर्टानं 1980 साली फेटाळली. ‘माणसं कमी आहेत’ असं उत्तर आलं, तर हा निकाल जोडा.

नोटीस न देता माझ्या गॅस वेल्डिंग वर्कशॉपचा परवाना रद्द केला. आता अपील करा म्हणतात. (परभणी)

म्हणणं ऐकून न घेता परवाना काढून घेतला असेल, तर अपिलाची सोय असूनही संविधानाच्या अनुच्छेद 226 खाली हायकोर्टाला तुमची रिट याचिका ऐकता येते. सुप्रीम कोर्टाच्या व्हर्लपूल प्रकरणात 1998 साली हे स्पष्ट झालं आहे. तरी स्पष्टच सांगतो: सिलिंडर खरोखर धोकादायक ठेवले असतील, तर कोर्टातून फार तर फेरसुनावणी पदरात पडेल. आधी साठा नीट लावा.

महापालिकेला दरवर्षी फी भरतो. प्रदूषण मंडळाची संमती कशाला? (जालना)

कायदे वेगळे आहेत. एकाची पावती दुसऱ्याकडे चालत नाही.

फटाका स्टॉलसाठी मैदान मिळालं, पण शेजारी शाळा आहे. हरकत घेता येईल का? (नांदेड)

जरूर घ्या. 29 ऑक्टोबर 2016 ला छत्रपती संभाजीनगरच्या जिल्हा परिषद मैदानावर शंभराहून जास्त फटाका दुकानं जळाली. तो धूर पाहिलेल्या शहरात आजही मैदान ठरताना अंतर मोजलं जात नसेल, तर मला ते सहन होत नाही. स्फोटके नियम, 2008 प्रमाणे दोन शेडमध्ये 3 मीटर अंतर हवं, संरक्षित बांधकामापासून, म्हणजे शाळा, घरं अशा वास्तूंपासून, 50 मीटर. दुकानं समोरासमोर नकोत, आणि एका ठिकाणी 50 पेक्षा जास्त नकोत. जागा कुणीही देवो, नियम तोच. टेप घेऊन स्वतः मोजा, फोटो काढा, जिल्हाधिकाऱ्यांना अर्ज द्या. कोर्टात जायचंच झालं तर नवरात्रातच जा. दिवाळीच्या तोंडावर आलेल्या याचिकेत मैदान मोजून घ्यायला कुणालाच वेळ उरत नाही.