घराचे हप्ते थकले, दारावर बँकेची ताब्याची नोटीस लागली आहे. कोर्टातून स्थगिती मिळेल का?

ताई, मिळते. पण तुम्ही कुठे जाता आणि किती दिवसांत जाता, यावर सगळं आहे. तुम्ही लिहिलंय की यजमानांचं काम सुटलं, हप्ते थांबले, वीस दिवसांपूर्वी हुडकेश्वरच्या घरावर नोटीस चिकटवली आणि ओळखीचे एक वकील दिवाणी दावा टाकू म्हणतात. तो दावा टाकू नका. थकलेल्या कर्जासाठी बँकेला तारण घर ताब्यात घेऊ देणारा सरफेसी कायदा 2002 चा आहे, त्याच्या कलम 34 ने अशा प्रकरणांत दिवाणी कोर्टाचे हात बांधलेत. तिथे तारखा घेत बसलात तर खऱ्या ठिकाणची मुदत निघून जाईल. खरं ठिकाण म्हणजे कर्जवसुली न्यायाधिकरण, ज्याला सगळे डीआरटी म्हणतात. ते नागपुरातच आहे. कलम 17 खाली तिथे अर्ज करायचा, ताब्याच्या कारवाईपासून 45 दिवसांच्या आत.

आमच्या घरावर ही वेळ 2019 मध्ये आली होती. भर दुपारी दोन माणसं आली, दारावर खळ फासून कागद डकवला, त्याचा फोटो काढला आणि गेली. आई दारातच उभी होती. आजच बाहेर काढतील म्हणून संध्याकाळपर्यंत तिने अर्धी भांडी चादरीत बांधून ठेवली. तसं होत नाही, ताई. तो सांकेतिक, म्हणजे फक्त कागदावरचा ताबा असतो. राहत्या माणसांना बाहेर काढायला बँक कलम 14 खाली जिल्हाधिकारी किंवा मुख्य न्यायदंडाधिकाऱ्यांकडून आदेश आणते. घरच्यांना हे आधी सांगा, रात्री झोप तरी लागेल.

आम्हाला स्थगिती मिळाली ती एका शिक्क्यामुळे. ताब्याआधी 60 दिवसांची मागणी नोटीस येते. त्या मुदतीत मी हरकतीचं पत्र लिहिलं आणि बँकेच्या आवक खिडकीवर पोच घेतली, गोल शिक्का आणि तारीख. अशा हरकतीला 15 दिवसांत कारणांसह उत्तर देणं बँकेला बंधनकारक आहे. आमच्या बँकेने दिलंच नाही. वकिलांनी ती पोच पुढे केली. तरी डीआरटीच्या पीठासीन अधिकाऱ्यांचा, म्हणजे तिथल्या न्यायाधीशांचा, पहिला प्रश्न होता, "किती भरता?" थकबाकी 4 लाख 10 हजार होती. पंधरा दिवसांत 2 लाख भरण्याच्या अटीवर स्थगिती मिळाली. आईच्या पाटल्या मोडल्या, बाकी भावाने दिले. म्हणून सांगते, रिकाम्या हाताने जाऊ नका. थोडी का होईना, रक्कम जमवून ठेवा.

तुमचे कागदही असेच तपासून घ्या. 60 दिवस पूर्ण व्हायच्या आत ताबा घेतला का? ताब्याची सूचना सात दिवसांत दोन वर्तमानपत्रांत, त्यातही एका स्थानिक भाषेतल्या, छापली का? येणं मुद्दल आणि व्याजाच्या 20 टक्क्यांहून कमी उरलं असेल तर हा कायदाच लागू होत नाही, तेही बघा.

बँकेशी बोलणंही चालू ठेवा. एक-दोन हप्ते भरून खातं नियमित होत नाही, पूर्ण थकबाकी भरली तरच होतं. लिलावाची जाहिरात मात्र निघू देऊ नका. 2016 च्या दुरुस्तीनंतर पैसे भरून घर सोडवण्याचा हक्क जाहिरात छापून येईपर्यंतच आहे, आणि सर्वोच्च न्यायालयाने 2023 मध्ये तेच पक्कं केलं.

कोणी म्हणेल, थेट हायकोर्टात खंडपीठाकडे जा. ते बहुतेक वेळा डीआरटीकडेच परत पाठवतात. त्यात दिवस घालवू नका.

वकिलाच्या फीची चिंता असेल तर जिल्हा न्यायालयातल्या विधी सेवा प्राधिकरणात जा. स्त्रियांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. अर्ज तुमच्या नावाने करा, कर्जात तुम्ही सहकर्जदार आहातच.

वीस दिवस गेले, म्हणजे पंचवीस उरलेत. उद्या सकाळी मागणी नोटीस, ताब्याची नोटीस आणि खातेउतारा एका पिशवीत घाला आणि निघा.