ब्रिटिश अभिनेते ॲलन रिकमन चाळिशी उलटल्यावर सिनेमात आले, हे खरं आहे का?

हो. ‘डाय हार्ड’ (१९८८) हा त्यांचा पहिला चित्रपट. प्रदर्शित झाला तेव्हा ते ४२ वर्षांचे होते. पण म्हणून त्यांना नवखे समजू नका. मूळचे ग्राफिक डिझायनर असलेल्या रिकमननी चालू स्टुडिओ सोडून २६व्या वर्षी लंडनच्या ‘राडा’ या नाट्यसंस्थेत प्रवेश घेतला. मग छोट्यामोठ्या नाट्यसंस्था, रॉयल शेक्सपिअर कंपनी, १९८२ मध्ये बीबीसीची मालिका. खरं वळण १९८५ चं: ‘ले लियेझाँ दांजेरूझ’ नाटकातला व्हालमाँ. १९८७ मध्ये ते नाटक ब्रॉडवेवर, म्हणजे न्यूयॉर्कच्या रंगभूमीवर गेलं, रिकमनना टोनी या नाट्यपुरस्काराचं नामांकन मिळालं आणि तिथेच हॉलिवूडची नजर त्यांच्यावर पडली. तो संथ, धारदार आवाज रंगभूमीवरच घडला होता. ‘हॅरी पॉटर’मधली स्नेपची भूमिका (२००१ ते २०११, आठ चित्रपट) त्यानंतरची. ऑस्करचं नामांकन मात्र एकदाही नाही, हा मोठाच अन्याय!